आठव्या जागेची बखर

श्री. प्रथम वंदन उजेडास, ज्यावाचोन छबी उमटत नाही. मग वंदन अंधारास, ज्यावाचोन उमटलेली छबी दिसत नाही. आणि मग त्या सर्व माणसांस, जी पडद्यावर एकदा हसोन गेली आणि पुढे कोठे गेली ते कोणी पुसिले नाही. शके अठराशे नव्वद, कीलक नाम संवत्सर, आश्विन आणि कार्तिक ह्या दोन मासांत पश्चिमसमुद्रापलीकडील थोर राज्यात, एका परगण्यात जे घडले त्याचे वर्तमान येणेप्रमाणे. राज्याचे नाव लिहिण्याचे प्रयोजन नाही. ज्यांस ठाऊक आहे त्यांस ठाऊक आहे, आणि ज्यांस नाही त्यांनी एवढे समजावे की ते राज्य इतके रुंद होते की एका टोकास लोक न्याहारी करोन कामास लागत आणि दुसऱ्या टोकास लोक अजून कूस बदलीत असत, आणि तेथे राजा जन्माने होत नसे, दर चार वर्षांनी रयत त्यास निवडी. त्या वर्षी राजनिवड होती. दोन पक्ष प्रबळ. एकाचे निशाण हत्ती आणि दुसऱ्याचे गाढव, आणि आपल्या मुलखात ज्या शब्दावरोन हातघाई व्हावी तेच निशाण भले भले लोक छातीवर लावोन मिरवीत, हे प्रथम पाहिले तेव्हा हसू आवरले नाही. परंतु ते वर्ष हसण्याचे नव्हते. दूरदेशी एक मोहीम चालू होती, ती संपता संपेना, घरोघरचे तरुण तिकडे गेले होते, आणि मोहीम चालवावी की मोडावी यावरोन बापलेकांत, शेजाऱ्यांत, एका बाकावर बसोन प्रार्थना करणाऱ्यांत फूट पडली होती.

ते समयी रूफस हॅलोरन म्हणोन एक गृहस्थ राज्यात फिरत असत. वय पन्नाशीच्या आत, अंगाने उंच, उजवा खांदा खाली झुकलेला, कारण वीस वर्षे त्यावर कॅमेरा वाहिला. राजांची छबी घेणारे त्या राज्यात पुष्कळ होते. रूफससाहेबांनी व्रत घेतले की राजाकडे पाहावयाचे नाही, रयतेतील जे लहान लहान पंथ आपापल्या कोपऱ्यात आपापले वेड जतन करोन बसले आहेत त्यांजकडे पाहावयाचे, आणि राज्य कोणीकडे चालले ते तेथोन ओळखावयाचे. ह्या कामास लोक माहितीपट म्हणतात. साहेबांनी मालगाड्यांवर फुकट बसोन वाऱ्यासारखे हिंडणारे पाहिले, आणि हातात साप धरोन देवाची आळवणी करणारे पाहिले, आणि जुन्या मोटारी एकमेकींवर आदळोन जी शेवटी हलती राहील ती जिंकली म्हणणारे पाहिले, आणि जग बुडणार म्हणोन तळघरात बारा वर्षांचे धान्य भरणारे पाहिले, जे वाट पाहता पाहता कंटाळोन तळघरात पत्ते खेळत बसत. हे सर्व आता आठवते ते एकामागोमाग एक असे आठवत नाही. सर्व एकदम आठवते, तळ्याच्या पाण्याखाली कोणी दिवे लावोन ठेवावे तसे, आणि हात घालावा तर हलते. साहेबांच्या कामाच्या तीन रीती होत्या. एक, प्रश्न विचारावयाचा नाही. कॅमेरा लावोन बसावयाचे, माणूस आपण होऊन बोलेल तेव्हा बोलेल. दुसरी, कोठेही गेले की प्रथम सांगावयाचे, "मी येथे नाही असे समजावे." आणि तिसरी, काम पुरे होत आले की राजधानीच्या थोर लोकांआधी ज्यांची छबी त्यांसच ती दाखवावयाची, त्यांच्याच जागी, त्यांच्यात बसोन. प्रस्तुत लेखिका त्या देशी विद्येसाठी गेली आणि विद्या अर्धी सोडोन साहेबांच्या पदरी राहिली. तिजकडे फिल्म कापणे आणि जोडणे. कोणत्या माणसाचे कोणते वाक्य कोणत्या वाक्यापुढे ठेवावे हे तिच्या कात्रीत होते, आणि साहेब तिजवर विश्वास ठेवीत, तो फारच ठेवीत.

तर त्या वर्षी ग्रीष्मात स्वारी सपाट मुलखात उतरली. मुलूख असा की चहूकडे गहू, गव्हावर आकाश, आणि आकाशाखाली एक उंच धान्याचे कोठार, त्यापलीकडे पाहण्याजोगे काही नाही. गावाच्या कडेस धान्यवाल्यांनी फार वर्षांपूर्वी बांधिलेला लाकडी दिवाणखाना होता, त्यात दर रविवारी तिसऱ्या प्रहरी चौकनाचाच्या पंथाचे लोक जमत. हा नाच असा. चार जोडपी चार बाजूंस उभी राहोन चौक करितात, मिळोन आठ माणसे, न कमी न अधिक. एक जण बाजूस उभा राहोन ललकारी देतो आणि सांगेल तसे आठांनी फिरावयाचे. पुढे काय सांगेल ते कोणास ठाऊक नसते. कधी एकास उजवा हात आणि पुढच्यास डावा असे करीत आठही जण एकमेकांतोन जातात, तेव्हा आपल्याकडचा गोफ विणावा तसे दिसते. आणि कधी चार पुरुष मध्यभागी येऊन उजव्या हाताने पुढच्याचे मनगट धरितात आणि चक्रासारखे फिरतात, त्यास ते चांदणी म्हणत. ललकारी देणाऱ्या ऑगस्टाबाई लिंडक्विस्ट, वय एक्याऐंशी, उंची उपड्या खोक्यावर उभ्या राहिल्या तरी बेताची, आवाज मात्र कोठारापर्यंत जावा असा. त्यांचे नियम कडक होते. आत येताना छातीवरचे निशाण दाराजवळच्या पत्र्याच्या भांड्यात काढोन ठेवावे. चौक सुरू जाहला की मधून कोणी निघोन जाऊ नये. आणि एखादा माणूस कमी असला तर सात जणांनी नाचावे आणि आठव्याची जागा मोकळी धरोन चालावे, त्या मोकळ्या जागेस हात द्यावा, त्या जागेस वळसा घालावा, जणू कोणी आहेच. त्या मोकळ्या जागेस ते भूत म्हणत, आणि भुताचा पाय चुकत नाही असे थट्टेने बोलत. पूर्वी तेथे सात सात चौक एकदम चालत. त्या वर्षी एकच उरला होता, नेमकी आठ माणसे. आणि दिवाणखाना ज्या दानपत्राने पंथास मिळाला त्यात लिहिले होते की सलग तीन रविवार पुरा चौक भरला नाही, तर वास्तू परगण्याकडे परत जावी. परगण्याचे लोक रस्ता झाडण्याची यंत्रे ठेवावयास जागा शोधीतच होते. यास्तव ऑगस्टाबाई दर रविवारी आठ डोकी मोजीत आणि वहीत स्वहस्ते 'पूर्ण' लिहीत, आणि मग खोक्यावर चढत.

आठांतले दोन पुरुष ह्या बखरीस कारण जाहले. एक डेल्मर टर्क, कापणीयंत्रे दुरुस्त करणारे, अंगाने जाड, हत्तीच्या पक्षाचे. त्यांच्या कानाची ख्याती होती. यंत्र पाव कोस दूर चालत असले तरी ऐकोन सांगत की कोणता दाता झिजला. त्यांचा मुलगा मोहिमेवर गेला होता. कुटुंब इनेझबाई चौकात त्यांजबरोबर नाचत, आणि पक्ष कोणता म्हणोन कोणी पुसिले तर म्हणत, "मी स्वयंपाकघराची." दुसरे व्हर्जिल स्टोकर, गावचे पंतोजी, सडपातळ, बाहीवर सदैव खडू, गाढवाच्या पक्षाचे आणि मोहिमेच्या विरुद्ध, लग्न केले नाही, बहिणीबरोबर नाचत. हे दोघे सव्वीस वर्षे एका चौकात शेजारी उभे राहत. बाहेर बोलणे फारसे नसे. चांदणीत मात्र दर रविवारी एकाचे मनगट दुसऱ्याच्या हातात जाई.

रूफससाहेब तेथे चौदा रविवार कॅमेरा लावोन बसले. दिवाणखान्याच्या पश्चिमेस मोठी खिडकी होती, तीतोन ऊन तिरपे येई आणि नाचणाऱ्यांच्या पायांनी उडालेली धूळ त्या उन्हात सोन्यासारखी तरंगे, आणि माणसे त्या धुळीतोन येत आणि धुळीत जात, आणि घागरे फिरत, आणि वाटे की ही माणसे ह्या वर्षाची नाहीत, कोठून तरी आली आणि ऊन सरले की जातील. लेखिका त्या वेळी गावातील खानावळीच्या वरच्या खोलीत फिल्म जोडीत असे, दिवाणखान्यात क्वचित जाई. मधल्या दिवसांत साहेब एकेकाच्या घरी जाऊन बसत. एके दिवशी पंतोजी रिकाम्या वर्गात फळा पुसता पुसता आपण होऊन बोलिले, "डेल्मर माणूस वाईट नाही. पण पोराला धाडले ते शेजाऱ्यांनी पाहावे म्हणोन. त्याच्या दारावरचा झेंडा पोरापेक्षा उंच आहे." आणि महिन्याने डेल्मर आपल्या शेडमध्ये यंत्राखाली पडल्या पडल्या बोलिले, "ज्याला पोर नाही त्याने पोरांवर बोलू नये. व्हर्जिलला काय, तो खडूशी बोलतो, खडू उलटोन बोलत नाही." दोन्ही बोलण्यांस पुढे शेपटी होती. पंतोजी थोडे थांबोन म्हणाले होते, "दर रविवारी आत आला की मी आधी त्याचे तोंड पाहतो. पत्र आले असले तर कळते." आणि डेल्मर यंत्राखालोन बाहेर येऊन हात पुसत म्हणाले होते, "पोर मला पत्र लिहिते ते त्याच्यामुळे. माझ्याकडून त्याला दोन अक्षरे शिकवणे जाहले नसते." लेखिकेने दोन्ही शेपट्या कापल्या आणि दोन्ही बोलणी एकापुढे एक लाविली. का लाविली? कारण जोड सुरेख बसत होती. एक बोले आणि दुसरा जणू समोर बसोन उत्तर देई, आणि ज्या दोन माणसांत असे भांडण कधी जाहलेच नव्हते ते भांडण पट्टीवर जिवंत होऊन उभे राहिले. साहेबांनी पाहिले आणि म्हणाले, "हे बोचते." लेखिका पंचवीस वर्षांची होती, तिला ती वाहवा वाटली.

मग आश्विनात एका रविवारी, नाच आटोपल्यावर, खिडकीस घोंगड्या लावोन आणि इनेझबाईंची पांढरी चादर भिंतीस ठोकोन साहेबांनी रीतीप्रमाणे फिल्म दाखविली. प्रथम मंडळी फार आनंदली. आपले पाय पाहोन हसली, ऑगस्टाबाई आपला आवाज ऐकोन म्हणाल्या, "ही म्हातारी कोण ओरडते आहे?" आणि मग ती जोड आली. अंधारात छबी दाखविणाऱ्या यंत्राची टकटक तेवढी चालू होती. मग बाक मागे सरकल्याचा आवाज आला आणि डेल्मर उठोन चादरीसमोर उभे राहिले, तेव्हा चादरीवरचे पंतोजींचे तोंड डेल्मरच्या पाठीवर पडले आणि पाठीवरच बोलत राहिले. डेल्मर वळोन म्हणाले, "सव्वीस वर्षे मी तुझे मनगट धरतो, व्हर्जिल. झेंड्याचे तेव्हाच सांगायचे होतेस." पंतोजी म्हणाले, "आणि तू खडूचे." "सांगितले ना आता." असे म्हणोन डेल्मर पत्र्याच्या भांड्यातले आपले निशाण घेऊन निघोन गेले. इनेझबाई मागे राहिल्या, आणि शांतपणे भिंतीवरोन चादर काढू लागल्या, आणि घडी करता करता साहेबांस म्हणाल्या, "चादर माझी होती, म्हणोन मीही जबाबदार."

पुढच्या रविवारी सात आले. ऑगस्टाबाईंनी दार उघडे ठेवोन वाट पाहिली, मग वहीत 'अपूर्ण' लिहिले, कारण वहीत त्या खोटे लिहीत नसत, आणि मग भुतास घेऊन चौक चालविला. त्या दिवशी लेखिका प्रथमच एका कोपऱ्यात बसोन सर्व नाच पाहत होती. इनेझबाई मोकळ्या जागेस हात देत, मोकळ्या जागेबरोबर फिरत, मोकळ्या जागेपुढे घागरा धरोन वाकत, आणि त्यांचा हात हवेत ज्या उंचीवर थांबे ती डेल्मरच्या हाताची उंची होती, तीत बोटभर फरक पडत नसे. पंतोजी चांदणीत आले तेव्हा त्यांनी मनगट पुढे केले आणि ते कोणी धरिले नाही, तरी ते हात तसाच वाकवोन फिरले. ऊन तिरपे होते आणि धूळ उडत होती आणि सर्व पहिल्यासारखेच सुंदर दिसत होते, आणि तेच पाहवत नव्हते. साहेब कॅमेऱ्यामागोन पाहत होते. त्यांनी एकदाही डोळा वर केला नाही.

दुसऱ्या दिवशी लेखिकेने खानावळीच्या खोलीत कापलेल्या तुकड्यांच्या टोपलीतोन दोन्ही शेपट्या शोधोन काढिल्या आणि साहेबांस म्हणाली, "ह्या जोडोन पुन्हा दाखवू." साहेब म्हणाले, "आता दाखविल्या तर म्हणतील, पकडले गेले म्हणोन गोड बोलणे आणोन जोडिले." तरी ती एकटी डेल्मरच्या शेडमध्ये गेली आणि फिल्मचा तुकडा उजेडासमोर धरोन म्हणाली, "पंतोजी पुढेही बोलिले होते. मी कापले." डेल्मरनी तुकड्याकडे पाहिले नाही. पुसिले, "हे तुझ्या हाताने कापलेस?" "होय." "मग तूच आता शिवणार? मुली, मी यंत्रे दुरुस्त करतो. ज्याने बिघडवले त्याच्याच हाती परत देत नसतो." आणि पुन्हा यंत्राखाली गेले. ती पंतोजींकडे गेली. ते ऐकोन म्हणाले, "पण पहिले वाक्यही मीच बोललो होतो ना? ते काही तू लिहिले नव्हतेस." आणि खडू हातात फिरवीत बसले. ऑगस्टाबाई आठवडाभर जुन्या नाचणाऱ्यांत नवा आठवा शोधीत गावभर हिंडल्या. परंतु गोष्ट आता सर्वतोमुखी जाहली होती. हत्तीवाले म्हणाले, तो दिवाणखाना गाढवांचा जाहला, आणि गाढववाले म्हणाले, डेल्मरच्या जागी उभे राहोन त्याचे वैर कोण घेईल. दुसऱ्या रविवारीही वहीत 'अपूर्ण' लिहिले गेले.

मग ऑगस्टाबाई खानावळीच्या पायऱ्या चढोन स्वतः वर आल्या, आणि धाप टाकीत साहेबांसमोर बसल्या, आणि म्हणाल्या, "दानपत्रात आहे की ज्याने बारा रविवार दिवाणखान्यात काढले तो चौकात उभा राहण्यास पात्र. तुम्ही सोळा काढले." साहेब म्हणाले, "मी नाचत नाही. मी तेथे..." "तेथे नव्हता म्हणता? सोळा रविवार माझा बाक कोणी अडविला मग?" साहेब म्हणाले, "बाई, मी मधे आलो की ते खरे राहत नाही. माझे सर्व काम ह्यावर उभे आहे." ऑगस्टाबाई म्हणाल्या, "तुमचे काम उभे राहील हो. माझा दिवाणखाना रविवारी पडतो आहे. तुम्ही आम्हाला आमच्याच भिंतीवर दाखविले, ते चांगले केले की वाईट ते देव जाणे, पण दाखवोन जाता येणार नाही. बूट स्वच्छ करोन या." बाई गेल्यावर साहेब खिडकीपाशी उभे राहोन गव्हाच्या कापलेल्या शेताकडे फार वेळ पाहत राहिले, आणि मग लेखिकेस पुसिले, "चांदणीत उजवा की डावा?"

तिसरा रविवार कार्तिकात, राजनिवडीच्या दोन दिवस आधी आला. परगण्याचा कारकून दानपत्राची प्रत घेऊन हजर जाहला, भला माणूस, टोपी हातातच धरोन होता, म्हणाला, "बाई, मला ह्यात आनंद नाही. ऊन खिडकीच्या चौकटीवरोन उतरेपर्यंत एक नाच पहिल्यापासोन शेवटपर्यंत न मोडता जाहला, तर पूर्ण लिहीन. मोडला तर मोडला." साहेबांनी कॅमेरा बंद करोन कोपऱ्यात ठेविला, अंगावरचा पट्टा काढिला, आणि इनेझबाईंच्या शेजारी, डेल्मरच्या जागी जाऊन उभे राहिले. वीस वर्षांत ते प्रथमच पाहण्याच्या ह्या बाजूस आले होते, आणि हात कोठे ठेवावे ते त्यांस कळेना. ऑगस्टाबाईंनी सोपी ललकारी दिली. साहेब उजवीकडे जावयाचे ते डावीकडे गेले आणि चौक मोडला. पुन्हा उभे केले. पुन्हा गोफात शिरले आणि दोन बायकांच्या मधे अडकोन उभे राहिले, आणि चौक मोडला. पंतोजींची बहीण म्हणाली, "भूत बरे होते." कारकून खिडकीकडे पाहत होता. ऊन चौकटीच्या खालच्या लाकडावर आले होते.

डेल्मर त्या वेळी बाहेर होते. दर रविवारी इनेझबाईंस घरी नेण्यास ट्रक घेऊन यावयाचे, आणि आत न येता इंजिन बंद करोन बसावयाचे, असा त्यांनी तीन आठवडे क्रम ठेविला होता. तिसरा नाच सुरू होण्याआधी ऑगस्टाबाई साहेबांस पाय मोजोन दाखवीत होत्या आणि साहेब जागच्या जागी बूट आपटीत होते, आणि तो आवाज लाकडी जमिनीतोन दारापर्यंत आणि दारातोन ट्रकपर्यंत गेला. मग ट्रकचे दार वाजले. डेल्मर उंबऱ्यावर येऊन उभे राहिले, डोके एका बाजूस कलते, यंत्र ऐकताना धरीत तसे. म्हणाले, "हा उशिरा पडणारा पाय कोणाचा?" इनेझबाई म्हणाल्या, "तुमच्या जागेवरचा." डेल्मर म्हणाले, "तेच म्हणतो. बाहेर बसवत नाही. दात आंबतात." आणि निशाण काढोन खिशात कोंबीत सरळ आत आले, आणि साहेबांच्या खांद्यास धरोन त्यांस बाजूस केले, रागाने नव्हे, वाकडा बसलेला भाग काढोन ठेवावा तसे. म्हणाले, "साहेब, बसा. जागा खराब होते आहे." कारकून म्हणाला, "डेल्मर, तू नाचणार काय?" "मी व्हर्जिलसाठी आलो नाही. मला हा आवाज ऐकवत नाही."

आणि मग आठ जण उभे राहिले. ऑगस्टाबाई खोक्यावर चढल्या आणि ललकारी दिली, आणि चौक हलला. फेर जाहला, गोफ जाहला, इनेझबाईंचा हात ज्या उंचीवर होता तेथे हात आला, आणि त्या काही न बोलता पाय जरा जोरात टाकू लागल्या. डेल्मर पंतोजींकडे पाहत नव्हते आणि पंतोजी जमिनीकडे पाहत होते. मग ललकारी आली, "पुरुष मधे, चांदणी." चार पुरुष मध्यभागी आले. पंतोजींनी हात पुढे केला. येथे डेल्मरनी मनगट न धरिले तर चक्र सुटले, चक्र सुटले तर चौक मोडला, आणि खिडकीत ऊन बोटभर उरले होते. डेल्मरनी धरिले. धरावे लागले म्हणोन धरिले, कारण पाय त्या जागी पोहोचला की सव्वीस वर्षे हात आपोआप जात होता आणि त्या दिवशीही तो मालकास न पुसता गेला. चक्र फिरू लागले. आता रीतीप्रमाणे एक फेर जाहला की ललकारी बदलावी. ऑगस्टाबाईंनी बदलली नाही. म्हणाल्या, "चांदणी." दुसरा फेर जाहला. म्हणाल्या, "चांदणी अजून." पुढे काय सांगतील ते नाचणाऱ्यास ठाऊक नसते आणि मधून हात सोडता येत नाही, हा पंथाचा नियम, आणि बाईंनी तो नियम त्या दोघांभोवती दोरीसारखा धरिला. तिसरा फेर, चौथा फेर. बायका बाहेर टाळ्या देत उभ्या होत्या. पाचव्या फेरात डेल्मर पुढे पाहतच बोलिले, "परवा पत्र आले." पंतोजी म्हणाले, "हां. काय म्हणतो?" "पाऊस फार आहे म्हणतो. पायमोजे मागवले." एक फेर असाच गेला. मग डेल्मर म्हणाले, "अक्षर अजून भयंकर आहे." पंतोजी म्हणाले, "अक्षराचे मी काही करू शकलो नाही. ते घराण्यात आहे." डेल्मरचा खांदा हलला, हसले की दमले ते पाठीमागोन कळले नाही. ऑगस्टाबाई म्हणाल्या, "आपापल्या जागी," आणि आठही जण आपापल्या जागी गेले, वाकले, आणि नाच पुरा जाहला. ऊन लाकडावरोन उतरले. कारकुनाने वहीत एक शब्द लिहिला आणि टोपी डोक्यावर घातली.

साहेब बाकावर बसोन बूट काढीत होते. लेखिकेने पुसिले, "कॅमेरा?" ते म्हणाले, "मला धाप लागली होती." ह्यास्तव त्या नाचाची छबी कोठे नाही.

दोन दिवसांनी राजनिवड जाहली. एक निशाण जिंकले आणि एक हरले, आणि टर्क आणि स्टोकर ह्यांनी आपापल्या निशाणास मत दिले, आणि त्याविषयी पुढेही कधी एकमेकांशी गोड बोलिले असे ऐकिवात नाही. मोहीम आणखी काही वर्षे चालली. टर्कांचा मुलगा परत आला, पाय लंगडत आला, आला. लेखिकेने ती जोड उसवली आणि शेपट्या मधल्या थांबण्यासकट आपल्या जागी लाविल्या, आणि त्यामुळे फिल्म सात मिनिटे लांबली. राजधानीत ती दाखविली तेव्हा थोर लोक म्हणाले, मधला भाग संथ आहे, दोन म्हातारे उगाच बोलतात, तेथे कात्री चालवावी. साहेबांनी लेखिकेकडे पाहिले. तिने नाही म्हटले. पुढे तिने साहेबांकडे एकोणीस वर्षे काम केले, पण दोन माणसांची बोलणी, जी ती समोरासमोर बोलिली नाहीत, ती समोरासमोर पुन्हा कधी ठेविली नाहीत. आणि ह्यामुळे तिचे काम इतरांपेक्षा फिके ठरे, तेही लिहिले पाहिजे.

तात्पर्य. दिवाणखाना पुढे अकरा वर्षे पंथाकडे राहिला. मग ऑगस्टाबाई गेल्या, आणि बाकीचे एकेक करोन म्हातारे जाहले किंवा मुलांकडे राहावयास गेले, आणि चौक भरेनासा जाहला, आणि वास्तू परगण्याकडे गेली. भांडणाने नव्हे, वयाने गेली. रस्ता झाडण्याची यंत्रे आता तेथे असतील. रूफससाहेबही गेले. टर्क आणि स्टोकर ह्यांतील आधी कोण गेला ते ठाऊक नाही, पुसावे असे वाटले नाही. जे पाहिले ते लिहिले, जे कापले होते तेही लिहिले. बखर समाप्त.